उंबरठे नसलेले घर : ‘बार्डो’ कसा पाहावा

प्रश्न असा आहे : “इन्यारितूंचा ‘बार्डो’ दोनदा पाहिला. परदेशात नाव कमावलेला एक माणूस मायदेशी परततो, एवढे कळते. पण जन्मलेले बाळ पुन्हा आईच्या पोटात जाते, मेट्रोच्या डब्यात पाणी भरते, चौकात प्रेतांचा ढीग उभा राहतो, हे सारे कशासाठी? यात काही सूत्र आहे, की दिग्दर्शकाने आपलीच आरती ओवाळून घेतली आहे? आणि पिशवीतले ते मासे कसले?”

मी व्यवसायाने चित्रपट-संकलक आहे. दोन तुकडे कोठे जोडायचे आणि कोठे तोडायचे हे ठरवण्यात तीसेक वर्षे गेल्यामुळे कोणताही चित्रपट पाहताना माझी नजर कथेच्या आधी सांध्यांवर जाते. तुमच्या प्रश्नाचे उत्तरही मला तेथेच सापडले, म्हणून त्याच बाजूने सुरुवात करतो. माशांकडे शेवटी येईन, कारण ते मासे नाहीत.

आधी थोडी पार्श्वभूमी. अलेहांद्रो गोन्सालेस इन्यारितू यांचा जन्म १९६३ मध्ये मेक्सिको सिटीत झाला. २००० मधील ‘आमोरेस पेरोस’ या पहिल्याच चित्रपटाने त्यांचे नाव जगभर झाले आणि २००१ मध्ये ते कुटुंबासह लॉस एंजेलिसला राहायला गेले. २०१५ आणि २०१६ अशी सलग दोन वर्षे त्यांना दिग्दर्शनाचे ऑस्कर मिळाले. त्यानंतर त्यांनी पुन्हा मेक्सिकोत जाऊन, स्पॅनिशमध्ये, ‘बार्डो’ केला. नायक सिल्वेरियो गामा हा पत्रकार आणि माहितीपटकार आहे, लॉस एंजेलिसमध्ये राहतो, आणि अमेरिकेतील पत्रकारांचा एक मोठा सन्मान त्याला मिळणार आहे. त्या निमित्ताने तो मायदेशी येतो. दानिएल हिमेनेस काचो या नटाला दिलेली दाढी, केस आणि काळा कोट पाहिला की दिग्दर्शकाचे छायाचित्र पाहिलेल्या माणसाला वेगळे काही सांगावे लागत नाही. चित्रपटाचे पूर्ण नाव ‘बार्डो, मोजक्या सत्यांची खोटी बखर’ असे आहे, आणि सिल्वेरियोने केलेल्या माहितीपटाचे नावही तेच ‘मोजक्या सत्यांची खोटी बखर’ आहे. मूळ शब्द ‘क्रोनिका’ आहे. मला त्यासाठी ‘बखर’च योग्य वाटते, कारण बखरीत काय घडले आणि काय घडायला हवे होते यांची सरमिसळ असते हे मराठी वाचकाला वेगळे समजावावे लागत नाही.

आता सांध्यांकडे. चित्रपटात स्वप्न दाखवायचे असेल तर प्रेक्षकाला आत जाताना आणि बाहेर येताना खूण देण्याची जुनी पद्धत आहे. माणूस झोपतो, चित्र धूसर होते, आवाज बदलतो. शेवटी तो घामाघूम होऊन दचकून जागा होतो. ही खूण म्हणजे उंबरठा. ‘बार्डो’मध्ये तो जाणीवपूर्वक काढून टाकला आहे. छायाचित्रकार दारियुस खोंजी यांनी मोठ्या आकाराच्या डिजिटल कॅमेऱ्यावर अतिशय रुंद भिंगे वापरून लांबच लांब सलग शॉट घेतले आहेत; कॅमेरा सिल्वेरियोच्या मागे-पुढे तरंगत राहतो, तो एका दारातून जातो, आणि पलीकडची जागा या जगातली आहे की नाही हे आपल्याला तेथे पोहोचल्यावर दोन-तीन मिनिटांनी कळते. कट असता तर आपण सावध झालो असतो. (या छायाचित्रणाला २०२३ मध्ये ऑस्करचे नामांकन मिळाले. चित्रपटावर चिडलेल्यांनीही निदान एवढे मान्य केले.)

याचे सर्वांत स्वच्छ उदाहरण म्हणजे दूरचित्रवाणीवरील मुलाखत. सिल्वेरियो स्टुडिओत येतो, नाचणाऱ्या मुली आणि रंगीबेरंगी सेट यांच्या गर्दीतून वाट काढतो, आणि लुईस या जुन्या सहकाऱ्यासमोर खुर्चीत बसतो. लुईस त्याची टर उडवतो, बालपणीच्या खासगी गोष्टी काढतो, अमेरिकेची हुजरेगिरी केल्याचे सुचवतो. प्रेक्षक खिदळतात आणि सिल्वेरियोच्या तोंडून एक शब्द फुटत नाही. आपण अवघडतो. पुढे मेजवानीत हाच लुईस तणतणत विचारतो की तू कार्यक्रमाला आलाच नाहीस, असे कसे केलेस. म्हणजे मुलाखत झालीच नव्हती; जाण्याच्या भीतीने ती मनात पूर्ण घडून गेली होती. दीर्घ काळाने गावी परतणाऱ्या माणसाच्या डोक्यात विमान उतरण्यापूर्वीच अशा किती मुलाखती होऊन गेलेल्या असतात, हे परदेशस्थ वाचकांना मी सांगायला नको.

एक बाब पहिल्यांदा पाहताना निसटते. चित्रपटाच्या अखेरीकडे कळते की सिल्वेरियोला लॉस एंजेलिसच्या मेट्रोत पक्षाघाताचा झटका आलेला आहे, तो रुग्णालयात बेशुद्ध आहे, आणि सन्मान त्याच्या वतीने त्याची मुलगी कामिला स्वीकारते. मायदेशाची ही सारी भेट आपण त्या बेशुद्ध माणसाच्या आतून पाहत होतो. शीर्षकाचा अर्थ येथे उलगडतो. ‘बार्डो’ हा तिबेटी शब्द. एक मरण आणि पुढचा जन्म यांच्या मधल्या अवस्थेसाठी तो वापरतात. बौद्ध संस्कृत ग्रंथांत त्याला ‘अंतराभव’ म्हटले आहे. दहाव्याच्या पिंडाला कावळा शिवेपर्यंत घाटावर ताटकळणाऱ्या मराठी माणसाला मधल्या अवस्थेची कल्पना परकी नाही, फक्त आपण ती गेलेल्याच्या बाजूने कधी पाहत नाही. स्पॅनिशमध्ये मात्र ‘बार्दो’ म्हणजे भाट, कवी. दोन्ही अर्थ दिग्दर्शकाला हवे असणार.

अशा माणसासाठी आपल्याकडे ‘त्रिशंकू’ हा शब्द तयारच असतो आणि स्थलांतरितांवरील प्रत्येक लेखात तो वापरून वापरून गुळगुळीत झाला आहे. ‘बार्डो’ला तो लागू पडत नाही. त्रिशंकू एका जागी लटकलेला आहे. सिल्वेरियोला क्षणभर एका जागी राहता येत नाही. पहिल्याच शॉटमध्ये वाळवंटावर एका माणसाची लांब सावली धावते, उडी मारते, वर जाते, पुन्हा खाली टेकते, पुन्हा उडते. आत-बाहेर, वर-खाली एवढेच त्याचे अडीच तास चालते.

आता बाळ. सिल्वेरियोची बायको लुसिआ बाळंत होते, डॉक्टर मुलाला कानाशी धरून ऐकतात आणि आईला सांगतात की याला बाहेर यायचे नाही, जग फार बिघडले आहे असे त्याचे म्हणणे आहे. आणि या बाळाला, मातेओला, परत पोटात ढकलले जाते. लुसिआ रुग्णालयाच्या लांबलचक मार्गिकेतून चालू लागते तेव्हा नाळ तिच्या मागे फरशीवर फरफटत येते. प्रेक्षागृहात येथे लोक हसतात, आणि हसायलाच हवे. सत्य एवढेच आहे की मूल जन्मानंतर लगेच गेले. इन्यारितू यांनी स्वतः एक मूल असेच गमावले आहे. ‘मूल गेले’ हे वाक्य ज्या आईबापांना उच्चारता येत नाही त्यांनी ‘ते आलेच नाही, परत गेले’ अशी गोष्ट रचली आहे. ही गोष्ट रचण्याची किंमतही चित्रपट दाखवतो : पुढे नवराबायकोच्या प्रणयाच्या ऐन क्षणी बाळाचे डोके पुन्हा बाहेर डोकावते आणि सिल्वेरियोला ते परत आत सारावे लागते. बाळाला खरी वाट मिळते ती मेक्सिकोच्या वायव्येकडील बाहा कॅलिफोर्नियाच्या किनाऱ्यावर. कुटुंब त्याला निरोप द्यायला जमते, आणि वाळूवर ठेवलेले तळहाताएवढे अर्भक कासवाच्या पिलासारखे सरपटत लाटेत शिरते. येथे लक्ष द्या की कोणी दार उघडत नाही, कोणी ढकलत नाही. साऱ्या चित्रपटात स्वतःच्या मर्जीने आणि विनाअडथळा सीमा ओलांडणारा हा एकटाच जीव आहे.

मेक्सिको आणि अतिवास्तव, म्हणजे स्वप्न आणि वास्तव एकमेकांत मिसळणारी कला, यांचे नाते मोठे गमतीचे आहे. १९३८ मध्ये या पंथाचे प्रणेते, फ्रेंच कवी आंद्रे ब्रेताँ तेथे गेले आणि या देशाइतका अतिवास्तव देश नाही असा निर्वाळा देऊन परतले. पाहुण्याने लावलेले हे बिरुद यजमानांनी पुढे कधी कौतुकाने, कधी कंटाळून मिरवले. दिग्दर्शक लुईस बुन्युएल स्पेनमधून परागंदा होऊन मेक्सिकोत स्थिरावले आणि १९४९ मध्ये तेथील नागरिक झाले. त्यांच्या १९६२ च्या एका चित्रपटात मेजवानीला आलेले पाहुणे दार सताड उघडे असतानाही खोलीबाहेर पाऊल टाकू शकत नाहीत. इन्यारितूंनी हाच चमत्कार उलटा फिरवला आहे, असे मला वाटते : यांच्याकडे कोणीही कोठेही शिरू शकतो, फक्त कोठे थांबू शकत नाही.

इतिहासही असाच न विचारता आत शिरतो. मेक्सिको सिटीतील चापुल्तेपेकच्या किल्ल्यात सिल्वेरियो अमेरिकी राजदूताशी बोलत असताना १८४७ ची लढाई अंगावर येते. १३ सप्टेंबर १८४७ रोजी अमेरिकी फौजेने हा किल्ला घेतला. तेथील लष्करी विद्यालयाचे सहा कोवळे छात्र लढता लढता मेले आणि राष्ट्राचे ‘वीर बालक’ ठरले. त्यांतील एकाने शत्रूच्या हाती लागू नये म्हणून झेंडा अंगाला गुंडाळून कड्यावरून उडी घेतल्याची कथा तेथील प्रत्येक मूल शाळेत ऐकते. पुढच्या फेब्रुवारीत ग्वादालूपे इदाल्गोचा तह झाला, मेक्सिकोने निम्म्याहून अधिक भूमी गमावली आणि मोबदल्यात दीड कोटी डॉलर घेतले. चित्रपटात दुसरीकडे बातमी ऐकू येते की अॅमेझॉन कंपनी बाहा कॅलिफोर्निया विकत घेते आहे. १८४८ चा आकडा ठाऊक असला की हा विनोद राहत नाही. आणखी एक गोष्ट पाहा : सिल्वेरियो ज्या लॉस एंजेलिसमध्ये ‘परदेशी’ म्हणून राहतो, ते शहर त्या तहापूर्वी मेक्सिकोचे होते. सीमा त्याने एकदा ओलांडली. त्याच्या आधी सीमेने त्या शहराला ओलांडले होते.

शहराच्या मध्यवस्तीतील प्रसंग मला मात्र अर्धाच पटतो. भर रस्त्यात चालती माणसे एकाएकी कोसळू लागतात. सिल्वेरियो एका बाईजवळ वाकतो; ती सांगते की मी मेलेले नाही, मी बेपत्ता आहे. मेक्सिकोच्या अधिकृत नोंदीतील बेपत्तांचा आकडा मे २०२२ मध्ये एक लाखाच्या पुढे गेला, म्हणजे हा चित्रपट प्रदर्शित झाला त्याच वर्षी. हे एक वाक्य आणि तो एक शॉट पुरेसा होता. परंतु त्यानंतर सोकालो या शहराच्या मुख्य चौकात मूलनिवासींच्या देहांचा ढीग रचला जातो, त्याच्या माथ्यावर मेक्सिको जिंकणारा स्पॅनिश सेनानी एर्नान कोर्तेस बसलेला असतो, सिल्वेरियो चढून जाऊन त्याच्याशी वाद घालतो, आणि शेवटी ढिगातले ‘प्रेत’ कुरकुर करते तेव्हा कळते की हे चित्रीकरण चालू आहे. कल्पना मोठी, पण येथे दिग्दर्शक आपल्याशी भाषणाच्या सुरात बोलू लागतो. माझ्या टेबलावर हा प्रसंग आला असता तर मी ढीग दाखवला असता, चढणे दाखवले असते, आणि संवाद निम्म्यावर आणला असता.

याउलट ज्या प्रसंगात काहीच अतिवास्तव नाही तो सर्वांत खोल जातो. कुटुंब लॉस एंजेलिसला परत येते. विमानतळावर पारपत्र तपासणीच्या खिडकीपाशी सिल्वेरियो सहज बोलून जातो की आम्ही घरी आलो. अधिकारी, जो चेहऱ्यामोहऱ्याने त्याच्याच मुलखातला वाटतो, त्याला थांबवतो : तुमच्याकडे व्हिसा आहे, हे तुमचे घर नाही, असे म्हणू नका. सिल्वेरियो हटत नाही. इतकी वर्षे येथे राहतो, कर भरतो, मुले येथे वाढली. आवाज चढतात, मुले ओशाळतात, मागची रांग बघत राहते. दोन-अडीच तास भिंती विरघळत होत्या, मेलेला बाप भेटत होता, चारशे-पाचशे वर्षे मागे-पुढे होत होती, कोठेही कोणी अडवले नव्हते. आणि आता एक काउंटर. माणसाला ओलांडता येत नाही असा चित्रपटातला हा खराखुरा उंबरठा आहे. बाकीचे सारे उंबरठे यासाठीच काढून टाकले होते, असे माझे मत आहे. एका रसास्वाद शिबिरात मी हा प्रसंग सुटा दाखवून पाहिला होता. मुले म्हणाली, साधाच आहे, वादावादी आहे. दुसऱ्या दिवशी अख्खा चित्रपट दाखवला, तेव्हा त्याच जागी कोणी पाण्याची बाटलीसुद्धा उघडली नाही.

आता आत्मस्तुतीच्या आरोपाकडे येतो. तो आरोप पहिल्या दिवसापासून झाला. १ सप्टेंबर २०२२ रोजी व्हेनिसच्या महोत्सवात दाखवला तेव्हा चित्रपट १७४ मिनिटांचा होता. टीका ऐकल्यावर इन्यारितू यांनी त्यावर पुन्हा कात्री चालवली आणि प्रदर्शित प्रत १६० मिनिटांच्या आत आणली. महोत्सवात दाखवून झालेला चित्रपट उघडून पुन्हा बसणे किती जिवावर येते हे संकलकांनाच माहीत, त्यामुळे नुसत्या अहंकाराचा सिद्धांत मला पटत नाही. शिवाय आरोपपत्र चित्रपटाच्या आतच वाचून दाखवले आहे. मेजवानीच्या रात्री गच्चीवर लुईस सिल्वेरियोला त्याच्या माहितीपटाबद्दल जे सुनावतो, ते ‘बार्डो’वर लिहिता येईल असे जवळजवळ सर्व काही आहे : भपका, विनाकारण स्वप्नाळूपणा, इतिहासाच्या नावाखाली स्वतःचेच पुराण. आणि मग सिल्वेरियो त्याचा आवाज बंद करतो. लुईसचे ओठ हलत राहतात, शब्द ऐकू येत नाहीत. येथे दिग्दर्शक लबाडी करतो, हे मी स्पष्ट म्हणेन. टीका आधीच उच्चारली म्हणून तिचे उत्तर दिले असे होत नाही. पण स्वतःच्या स्वप्नात टीकाकाराला गप्प करणारा नायक आपल्याला आवडावा अशी त्याची अपेक्षा आहे का, याबद्दल मला शंका आहे. मुलाखतीत ज्याच्या तोंडून शब्द फुटला नाही, तोच येथे दुसऱ्याचे तोंड बंद करतो. हिशेब तेथे चुकता होतो, आणि तो फारसा शोभत नाही.

लगेच नंतरचा स्वच्छतागृहातील प्रसंग या बाजूने पाहा. सिल्वेरियोला तेथे दिवंगत वडील भेटतात आणि त्याचे शरीर लहान मुलाएवढे होते, डोके मात्र पन्नाशी उलटलेल्या माणसाचेच राहते. दिसायला ते विचित्र, थोडे हिडीससुद्धा आहे. वडील यशाविषयी सांगतात : घोटभर घ्यावे, चूळ भरावी आणि थुंकून टाकावे, गिळले तर विष होते. आत्मस्तुती करणारा माणूस स्वतःला इतके वेडेविद्रे दाखवील का, हे तुम्हीच ठरवा.

माझा खरा आक्षेप वेगळा आहे. सिल्वेरियो हा विमानाने ये-जा करणारा, सन्मानाचा व्हिसा असलेला स्थलांतरित आहे, आणि त्याचा माहितीपट वाळवंट पायी तुडवणाऱ्यांवर आहे. चित्रपटाला ही विसंगती ठाऊक आहे. समुद्रकिनाऱ्यावरील श्रीमंती विश्रामस्थानात कुटुंबाच्या मोलकरणीला वाळूवर येऊ दिले जात नाही तेव्हा सिल्वेरियो निषेध करतो, आणि फारसे काही न होता प्रसंग पुढे सरकतो. तेथे त्या बाईच्या चेहऱ्यावर मी कॅमेरा आणखी थोडा थांबलेला पाहिला असता. पायी चालणारे लोकही बहुतेक वेळा क्षितिजावरची रांग म्हणूनच राहतात.

मेजवानीतील नाचाबद्दल तुम्ही विचारलेले नाही, पण तो चुकवू नका. शहरातल्या जुन्या, प्रशस्त नृत्यगृहात शेकडो लोक नाचत असतात. ब्रिटिश गायक डेव्हिड बोवीचे गाणे सुरू होते आणि वाद्ये गळून पडतात, उरतो तो फक्त गळा. ठेका नाही, तरी सारी गर्दी ठेक्यात आहे आणि मधोमध सिल्वेरियो डोळे मिटून नाचतो आहे. ध्वनीच्या टेबलावर एक पट्टी खाली ओढण्याचे हे काम. चित्रात काहीही बदललेले नाही. तरी तो माणूस त्या गर्दीत आहे आणि नाहीही, हे एका क्षणात कळते. अशा ठिकाणी मला आपल्या व्यवसायाचा अभिमान वाटतो.

आता पिशवी. त्यात अक्सोलोत्ल आहेत, मेक्सिकोत त्यांना ‘आहोलोते’ म्हणतात. हे बेडकाच्या नात्यातले उभयचर प्राणी निसर्गात फक्त मेक्सिको सिटीच्या दक्षिणेकडील सोचिमिल्कोच्या कालव्यांत उरले आहेत, तेही नामशेष होण्याच्या बेतात. त्यांचे वैशिष्ट्य असे की ते जन्मभर डिंभावस्थेतच राहतात : बेडूकमाशाचा बेडूक होतो तसा यांचा कायापालट होत नाही, मानेजवळचे पिसाऱ्यासारखे बाह्य कल्ले तसेच राहतात, आणि त्याच रूपात ते वयात येऊन पिलेही घालतात. रोहेर बार्त्रा या मानववंशशास्त्रज्ञाने १९८७ मध्येच मेक्सिकन अस्मितेवरील आपल्या ग्रंथात या प्राण्याचे रूपक वापरले होते, आणि २०२१ पासून तो पन्नास पेसोंच्या नोटेवर आहे. म्हणजे तेथील प्रेक्षकाला पिशवी दिसताच जे कळते ते आपल्याला शोधावे लागते.

पण चित्रपटात तो प्राणी येतो तो रूपक म्हणून नव्हे, घरगुती गोष्ट म्हणून. सिल्वेरियोचा मुलगा लोरेन्सो बापाशी इंग्रजीत वाद घालतो, बाप त्याला स्पॅनिशमध्ये बोल म्हणून दटावतो. हाच मुलगा एकदा सांगतो की लहानपणी देश सोडताना त्याने आपले पाळलेले अक्सोलोत्ल कोणाला न सांगता सामानात लपवून नेले होते, आणि ते वाचले नाहीत. मोठ्यांच्या गडबडीत ते कोणाच्या ध्यानातही आले नव्हते. बापाला ही गोष्ट इतक्या उशिरा कळली. सुरुवातीला मेट्रोच्या डब्यात सिल्वेरियोच्या हातात जी पाण्याने भरलेली प्लॅस्टिकची पिशवी आहे, ती तो लॉस एंजेलिसच्या दुकानातून लोरेन्सोसाठी घेऊन घरी निघाला आहे. झटका त्याला तेथेच येतो. पिशवीतले पाणी सांडते, आणि डबा भरत जातो.